मूळ परत टाकणं म्हणजे छेडछाड नव्हे

२४ डिसेंबर हा राष्ट्रीय ग्राहक दिन. १९८६ साली याच तारखेला ग्राहक संरक्षण कायद्याला राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली. त्या निमित्तानं आमच्या भुसावळात झालेल्या एका व्याख्यानाला मी गेलो होतो. वक्ते शिकलेले, मोबाइलच्या धंद्यात बरीच वर्षं काढलेले. पावती जपून ठेवा, वॉरंटीच्या अटी वाचा, ओटीपी कुणाला सांगू नका, हे त्यांनी फार चांगलं समजावलं. शेवटी मात्र ते म्हणाले, "फोन अडकला की बाजारातल्या पोरांकडून सॉफ्टवेअर मारून घेऊ नका. ती फोनशी केलेली छेडछाड आहे. अशानं फोन अर्धमेला होतो, आयएमईआय उडतो, तुमची माहिती चोरीला जाते. कंपनीच्या केंद्रात जा. ते नवा घ्या म्हणाले तर नवा घ्या." सभागृहात टाळ्या वाजल्या. माझे हात उठले नाहीत. त्यांच्या बोलण्यातला काही भाग खरा आहे, आणि त्या खऱ्याच्या आधारानं उरलेलं चुकीचं लोकांच्या गळी उतरतं. म्हणून हा प्रतिवाद.

माझा स्वार्थ आधीच सांगतो. माझा पुतण्या भुसावळच्या बाजारात मोबाइल दुरुस्तीचं दुकान चालवतो. मी रेल्वेच्या इलेक्ट्रिक लोको कारखान्यातून फिटर म्हणून निवृत्त झालो आणि गेली सहा वर्षं रोज संध्याकाळी त्याच्या दुकानात बसतो. म्हणजे मी तटस्थ नाही. पण या सहा वर्षांत शेकडो फोन माझ्यासमोर मेले आणि उठले. जे पाहिलं ते व्याख्यानात सांगितलेल्याशी जुळत नाही.

आधी छेडछाड हा शब्द तपासू, कारण सगळा वाद त्यावर उभा आहे.

फोनची साठवण ही एकसंध कोठी नसते, तिच्यात कप्पे असतात. एका कप्प्यात बूटलोडर, म्हणजे बटण दाबल्यावर सगळ्यात आधी जागा होणारा भाग. एकात नेटवर्क पकडणारं मोडेम, एकात अँड्रॉइड, एकात कंपनीनं त्या मॉडेलसाठी लिहिलेले ड्रायव्हर, एका मोठ्या कप्प्यात आपले फोटो, संदेश, हिशेब. आणि एका छोट्या, वेगळ्या कप्प्यात त्या एकाच फोनचा आयएमईआय, म्हणजे त्याचा ओळख क्रमांक, आणि रेडिओची मापं. फोन लोगोवर अडकतो तेव्हा बहुतेक वेळा यातल्या एखाद्या कप्प्यातला मजकूर अर्धवट लिहिला गेलेला असतो किंवा बिघडलेला असतो. अपडेट मध्येच तुटलं, साठवण काठोकाठ भरली, अशी कारणं असतात. मूळ सॉफ्टवेअर टाकणं म्हणजे कंपनीनं त्याच मॉडेलसाठी बनवलेला तोच मजकूर त्याच कप्प्यांत पुन्हा लिहिणं. सॅमसंगच्या फोनला ओडिन नावाचं साधन आणि बीएल, एपी, सीपी, सीएससी अशा चार फाइली लागतात. मीडियाटेकची चिप असली तर एसपी फ्लॅश टूल आणि कोणता मजकूर कुठे जायचा ते सांगणारी स्कॅटर फाइल. केबल लावायची, फोन योग्य मोडमध्ये घ्यायचा, मॉडेल आणि बिल्ड नंबर दोनदा ताडून पाहायचा, आणि मग लिहायला लावायचं.

आता यातली मुख्य गोष्ट, जी वक्त्यांनी सांगितली नाही. कंपनी आपल्या प्रत्येक फाइलवर डिजिटल सही करते. त्या सहीची गुप्त चावी कंपनीकडे असते आणि ती सही तपासण्याची खूण फोनच्या चिपमध्ये कारखान्यातच कायमची कोरलेली असते. फोन चालू होताना चिप बूटलोडरची सही तपासते, बूटलोडर पुढच्या कप्प्याची तपासतो, आणि अशी साखळी वरपर्यंत जाते. फाइलमधलं एक अक्षर जरी बदललं तरी सही जुळत नाही आणि कुलूपबंद बूटलोडर ती फाइल नाकारतो. म्हणजे दुकानातल्या पोरानं मनात आणलं तरी अशा फोनच्या त्या कप्प्यांत तो स्वतःचं काही घुसवू शकत नाही. मालगाडीच्या वॅगनला सील असतं. गार्डच्या हातून ती वॅगन नागपूरला गेली काय आणि इगतपुरीला गेली काय, सील शाबूत असेल तर आतल्या मालाबद्दल गार्डवर संशय घेता येत नाही. मूळ सॉफ्टवेअर टाकणारा कारागीर त्या गार्डसारखा आहे.

हे मी म्हणतो म्हणून मानू नका, कंपन्यांच्या वागण्यावरून पाहा. सॅमसंगच्या अनेक फोनांत नॉक्स या सुरक्षा यंत्रणेचा एक फ्यूज असतो. कंपनीच्या सहीचं नसलेलं सॉफ्टवेअर टाकलं की तो जळतो आणि पुन्हा जुळत नाही. कंपनीचं स्वतःचं सहीचं सॉफ्टवेअर टाकलं तर तो जळत नाही. छेडछाड आणि दुरुस्ती यांतला फरक फोनलाच कळतो. गूगल आपल्या पिक्सेल फोनांच्या फॅक्टरी इमेज सगळ्यांसाठी खुल्या ठेवतं, आणि २०२० पासून साध्या ब्राउझरमधून त्या फोनवर लिहिण्याची सोयही त्यांनीच दिली. ॲपलचा आयफोन अडकला तर घरच्या संगणकाला केबल लावून तो रिस्टोअर करता येतो, फाइल ॲपलच्याच सर्व्हरवरून येते. ही छेडछाड असेल तर या दोन कंपन्या साऱ्या जगाला छेडछाड शिकवतायत असं म्हणावं लागेल. तसं कुणी म्हणत नाही. तेच काम भुसावळच्या बाजारात, चारशे रुपयांत झालं की मात्र त्याचं नाव बदलतं.

आता "ते नवा घ्या म्हणाले तर नवा घ्या" याबद्दल. यावल तालुक्यातला माझा मावसभाऊ केळी लावतो. अकरा हजारांचा त्याचा फोन एका रात्री अपडेट घ्यायला लागला आणि सकाळी लोगोच्या पुढे जाईना. तो गाडीभाडं खर्चून दुसऱ्या गावच्या अधिकृत केंद्रात गेला. तिथे काउंटरवरच्या मुलानं फोन आत नेला, वीस मिनिटांनी परत आणला आणि सांगितलं, मदरबोर्ड गेला, नऊ हजार दोनशे लागतील, त्यापेक्षा नवीन घ्या. परतीच्या वाटेवर तो आमच्याकडे आला. "तीन दिवसांपासून लोगोवरच अटकेल आहे भो," तो म्हणाला, "अन् पीक पाहणीची मुदत सरत आली."

ई-पीक पाहणी म्हणजे काय हे शहरातल्या वाचकाला सांगायला हवं. १५ ऑगस्ट २०२१ पासून महाराष्ट्रभर शेतकऱ्यानं स्वतःच्या शेतात उभं राहून फोनवरून पिकाची नोंद आणि फोटो पाठवायचा असतो. ती नोंद सातबाऱ्यावर चढते. पुढे वादळानं केळी आडवी झाली की विमा आणि मदत मागताना ती नोंद विचारली जाते. दुसऱ्याच्या फोनवरून नोंद करता येते हे मला ठाऊक आहे. पण बँकेचं, बाजारभावाचं, व्यापाऱ्यानं केळीची गाडी भरली त्या दिवसाच्या वजनाच्या फोटोचं काय? ते सगळं त्या एका फोनमध्ये होतं. शेतकऱ्याचा फोन बंद पडणं हे पुण्यातल्या माणसाचा फोन बंद पडण्यापेक्षा कमी गैरसोयीचं असतं, असा एक समज अशा व्याख्यानांत नकळत डोकावतो. तो चुकीचा आहे.

पुतण्यानं फोन पाहिला. आधी विचारलं, "काका, आत काय काय आहे ज्याच्यावाचून चालणार नाही?" मग आतली माहिती न पुसता फक्त सॉफ्टवेअरचे कप्पे लिहिले. पंचवीस मिनिटं लागली. फोन उठला, फोटो जिथल्या तिथे. याला दोन वर्षं होऊन गेली, मावसभाऊ अजून तोच फोन वापरतो.

मी केंद्रातल्या मुलाला लबाड म्हणत नाही. बोर्ड बदलून दिला की काम लवकर निपटतं, जबाबदारी संपते, आणि वरून तशीच पद्धत आखून दिलेली असेल. पण निदानाच्या दृष्टीनं तिथे काय घडलं ते पाहा. लोगोवर अडकलेल्या फोनची दोन मोठी कारणं असतात. एक, साठवणीतला मजकूर बिघडला. दोन, साठवणीची चिपच मेली. बाहेरून दोन्ही सारखी दिसतात. त्यांत फरक करायची सगळ्यात स्वस्त आणि सगळ्यात भरवशाची चाचणी म्हणजे मूळ सॉफ्टवेअर लिहून पाहणं. पूर्ण लिहिलं गेलं आणि फोन उठला, तर बोर्ड जिवंत आहे. दर वेळी मध्येच अमुक टक्क्यांवर थांबलं, लिहिलेलं परत वाचताना जुळलं नाही, तर चिप गेली, आणि मग कारागिरानं तसं स्पष्ट सांगावं. आमच्या दुकानातून असं सांगून परत पाठवलेले फोन कमी नाहीत. ही चाचणी न करता मदरबोर्ड गेला म्हणणं म्हणजे नाडी न पाहता मृत्यूचा दाखला देणं. वक्त्यांनी लोकांना त्या दाखल्यावर विश्वास ठेवायला सांगितलं, याचा मला राग आहे.

आता त्यांच्या आरोपांतलं खरं. आयएमईआय उडतो, हे खरं आहे, आणि तो चुकीच्या हातून उडतो. एसपी फ्लॅश टूलमध्ये "डाउनलोड ओन्ली" असा पर्याय असतो आणि "फॉरमॅट ऑल" असाही असतो. दुसरा निवडला की ज्या छोट्या कप्प्यात आयएमईआय असतो तोही पुसला जातो. फोन सुरू होतो, पण नेटवर्क येत नाही, आणि *#०६# दाबलं की नंबराच्या जागी काहीच नसतं किंवा भलतंच काही असतं. मग घाईतला कारागीर कुठला तरी नंबर घालून मोकळा होतो. हा गुन्हा आहे. आयएमईआय बदलण्याविरुद्ध २०१७ मध्ये स्वतंत्र नियम आले आणि २०२३ च्या दूरसंचार कायद्यात त्याला तीन वर्षांपर्यंत कैद किंवा पन्नास लाखांपर्यंत दंड आहे. असं करणाऱ्याची बाजू मी घेणार नाही. माझ्या पुतण्यानंही सुरुवातीच्या काळात एका गिऱ्हाइकाचा तो कप्पा पुसून ठेवला होता. त्यानं नंबर घातला नाही, स्वतःच्या खिशातून त्या माणसाला दुसरा फोन घेऊन दिला. तेव्हापासून दुकानात नियम आहे की आधी त्या कप्प्याचा बॅकअप, मग बाकीचं काम. पण यावरून निष्कर्ष काय काढायचा? चुकीच्या हातून दाढी कापली जाते म्हणून दाढी करणं बंद होत नाही, हात शिकवला जातो. कंपन्यांनी योग्य पर्यायाची दोन पानांची मराठी पुस्तिका दुकानदारांना दिली असती तर किती फोन वाचले असते! मूळ सॉफ्टवेअर नीट टाकलं तर तो कप्पा हलत नाही, हेही व्याख्यानात सांगायला हवं होतं.

माहिती चोरीला जाते, हा आरोप चुकीच्या जागी लावलेला आहे. फ्लॅश मारताना, म्हणजे सॉफ्टवेअर लिहिताना, माहिती वाचली जात नाही, उलट ती पुसली जाण्याचा धोका असतो. अलीकडच्या फोनांत ती माहिती कूटबद्ध असते, पिन टाकल्याशिवाय कुणाला उलगडत नाही. चोरी होते ती पिन सांगून, फोन उघडा ठेवून काउंटरवर सोडल्यानं, आणि काउंटर अधिकृत आहे की अनधिकृत यानं त्यात फरक पडत नाही. डाटा उडण्याचा धोका मात्र खरा आहे. सॅमसंगमध्ये सीएससी आणि होम सीएससी या दोन फाइलींतली पहिली निवडली की सगळं पुसलं जातं. ज्या दुकानात काम सुरू करण्याआधी "डाटा जाईल की राहील" हे तोंडानं सांगत नाहीत, तिथून उठून यावं.

चोरांबद्दलही बोलायला हवं, कारण सभागृहात मान डोलावली गेली ती त्यांच्याबद्दलच्या वाक्याला. वक्ते म्हणाले की सॉफ्टवेअर मारणारी दुकानं चोरीचे फोन चालू करून देतात. काही देतात. पण त्यांचं साधन मूळ सॉफ्टवेअर नसतं. २०१५ पासून अँड्रॉइडमध्ये गूगल खात्याचं कुलूप आहे, त्याला धंद्यात एफआरपी म्हणतात. ते वेगळ्या कप्प्यात राहतं आणि मूळ सॉफ्टवेअर सरळ मार्गानं पुन्हा लिहिलं तरी जुनं खातं मागतंच. आयफोनचं ॲक्टिव्हेशन लॉकही रिस्टोअर करून जात नाही. चोराला मूळ सॉफ्टवेअरचा काही उपयोग नसतो, तो ते कुलूप फोडणाऱ्याच्या शोधात असतो. शिवाय मे २०२३ पासून संचार साथी ही सरकारी सेवा देशभर सुरू आहे. केवायएम आणि आयएमईआय लिहून १४४२२ वर एसएमएस केला की फोन काळ्या यादीत आहे का ते कळतं. आमच्याकडे अनोळखी माणसाचा फोन आला की आधी हा एसएमएस जातो.

पण या कुलपाची एक दुसरी बाजू आहे आणि ती फक्त गावाकडे दिसते. स्टेशनजवळ हमाली करणारा, ट्रॅकमन, शेतमजूर पहिला स्मार्टफोन घेतो तेव्हा त्याचं गूगल खातं विकणारा दुकानदार उघडून देतो. पासवर्ड त्या दुकानदाराला आठवत नाही आणि या माणसाला तो कधी कळलेलाच नसतो. एक दिवस फोन अडकतो, कुणी तरी बटणं दाबून रिसेट करतं, आणि फोन मालकालाच चोर समजून बाहेर ठेवतो. बिल, डबा आणि आधार दाखवणाऱ्या अशा मालकासाठी सरळ, कायदेशीर दार कुठे आहे? ते बहुतेक कंपन्यांनी दूरच्या शहरातल्या केंद्रात ठेवलं आहे, आणि तिथे गेल्यावरही बिलाचा कागद नसला तर ते उघडत नाही.

आता वक्त्यांचा सगळ्यात वजनदार आरोप: ही दुकानं फोडलेली, चोरीची साधनं वापरतात, त्यांच्यात व्हायरस असतात. हे खरं आहे आणि मला त्याची लाज वाटते. पण ती साधनं फोडलेली का आहेत? ओडिन हे कंपनीच्या आतलं साधन, ते गिऱ्हाइकाला किंवा स्वतंत्र कारागिराला कधी रीतसर दिलंच गेलं नाही. बाहेर फिरतं ते फुटून आलेलं. काही कंपन्यांच्या पूर्ण मेलेल्या फोनवर लिहायला मान्यताप्राप्त खातं लागतं, धंद्यात त्याला ऑथ म्हणतात. भुसावळच्या दुकानाला ते खातं मिळत नाही. मग कारागीर काय करतो? परगावच्या, कधी परदेशातल्या एका अनोळखी माणसाला पैसे पाठवतो, आपल्या संगणकाचा ताबा त्याला देतो आणि तो तिकडून ऑथ लावतो. गिऱ्हाइकाचा फोन केबलला, दुकानाचा संगणक परक्याच्या हातात. हा धोका मी स्वतः डोळ्यांनी पाहिला आहे आणि दर वेळी माझ्या पोटात गोळा येतो. पण हा मूळ सॉफ्टवेअर टाकण्याचा दोष नाही, ते कुलूपबंद ठेवण्याचा आहे. सरळ दार बंद केलं की माणूस खिडकीतून जातो, आणि मग खिडकीतून गेला म्हणून त्याला दोष दिला जातो. वक्त्यांना खरोखर गिऱ्हाइकाची काळजी असेल तर त्यांनी ते दार उघडायला सांगावं.

माझी उभी हयात जिथे गेली तिथलं सांगतो. आमच्या कारखान्यात इंजिनाचं पीओएच व्हायचं, म्हणजे ठरलेल्या मुदतीनं होणारी संपूर्ण दुरुस्ती. इंजिन आत आलं की बॉडी उचलली जायची, बोगी खालून निघायच्या, ट्रॅक्शन मोटरी वेगळ्या व्हायच्या, एकेक भाग धुऊन, मोजून, बदलून पुन्हा जागेवर बसायचा. इंजिन बाहेर पडायचं ते मूळ मापांवर आलेलं. त्याला कुणी इंजिनाशी छेडछाड म्हणालं नाही. हे जमायचं कारण लखनौच्या आरडीएसओ या रेल्वेच्या संशोधन आणि मानक संस्थेकडून आलेले नकाशे आणि सूचनांची पुस्तकं आमच्या हातात असायची. कोणता बोल्ट किती घट्ट करायचा हे फिटरला माहीत असायचं, आणि ते माहीत असणं हा त्याचा हक्क मानला जायचा. १९९३ साली रेल्वेनं एबीबी या परदेशी कंपनीकडून संगणकावर चालणारी नवी इंजिनं घ्यायचं ठरवलं तेव्हा करारात नुसती इंजिनं नव्हती, तंत्रज्ञानही होतं. म्हणूनच १९९८ साली चित्तरंजनच्या कारखान्यातून आपलं स्वतःचं डब्ल्यूएजी-९ बाहेर पडलं. रेल्वेला हे मागता आलं कारण ती मोठं गिऱ्हाईक होती. मावसभाऊ एकटा आहे, अकरा हजारांचं गिऱ्हाईक. त्याच्या वतीनं मागायचं कुणी? ग्राहक दिनाच्या व्यासपीठानंच ना!

फोनमधलं सॉफ्टवेअर कंपनीच्या मालकीचं आहे, आपण फक्त परवाना घेतलेला असतो, असंही त्यांनी ओझरतं सांगितलं. मालकी कंपनीची आहे, मान्य. पण आपल्याच १९५७ च्या कॉपीराइट कायद्याचं कलम ५२ पाहा. संगणक प्रणाली ज्याच्या ताब्यात कायदेशीरपणे आहे त्याला ती ज्या कामासाठी मिळाली त्या कामासाठी वापरता यावी म्हणून तिची प्रत करण्याची, आणि हरवण्या-बिघडण्यापासून संरक्षण म्हणून राखीव प्रत ठेवण्याची मुभा तिथे दिलेली आहे. माझ्या वाचनाप्रमाणे पैसे देऊन घेतलेल्या फोनचं सॉफ्टवेअर त्याच फोनमध्ये परत टाकणं या मुभेच्या भावनेत अगदी चपखल बसतं. दुसरं, ऑगस्ट २०१४ मध्ये भारतीय स्पर्धा आयोगानं चौदा मोटार कंपन्यांना मिळून अडीच हजार कोटींहून जास्त दंड ठोठावला. तक्रार काय होती? स्वतंत्र गॅरेजांना सुटे भाग आणि निदानाची साधनं मिळू देत नाहीत. पुढे अपिलं झाली, पण मुद्दा देशाच्या दप्तरी कायमचा नोंदला गेला: वस्तू विकल्यावर तिच्या दुरुस्तीची चावी एकट्यानं धरून ठेवणं हा बाजारातला अन्याय आहे. मोटारीच्या गॅरेजला जे लागू, ते मोबाइलच्या दुकानाला का नको?

आणि याच ग्राहक दिनाला, २४ डिसेंबर २०२२ रोजी, केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागानं दुरुस्तीच्या हक्काचं पोर्टल सुरू केलं. त्या वर्षी जुलैत निधी खरे यांच्या अध्यक्षतेखाली त्यासाठी समिती नेमली होती, आणि मोबाइल हे तिनं निवडलेल्या चार क्षेत्रांपैकी एक होतं. २०२४ मध्ये भरत खेरा यांच्या अध्यक्षतेखाली दुसरी समिती आली. वस्तू किती दुरुस्त होण्याजोगी आहे ते गुणांनी सांगायचं, हे तिचं काम. मे २०२५ मध्ये तिनं अहवाल दिला आणि त्यात दुरुस्तीची माहिती, साधनं आणि सॉफ्टवेअर अपडेट हे निकष धरले. म्हणजे सरकारचं तोंड दुरुस्तीकडे आहे. आमच्या गावातल्या ग्राहक दिनाच्या व्यासपीठाचं तोंड त्याच्या उलट दिशेला असावं, हे मला पटत नाही.

एका बाबतीत मात्र मी स्वतःच्या बाजूच्या लोकांशीही भांडतो. दुकानात येणारी तरुण पोरं म्हणतात, मूळ म्हणजे जुनं, फोन घेतला त्या दिवशीचं. नव्या अपडेटनं फोन मंद झाला की त्यांना ते जुनं हवं असतं. पण हल्लीच्या फोनांत मागे जाण्याला आडकाठी असते. एकदा आवृत्तीचा आकडा वर चढला की त्याखालचं सॉफ्टवेअर फोन नाकारतो, आणि बळजबरी केली तर कायमचा मरू शकतो. शाओमीच्या रेडमी नोट ५ प्रोच्या वेळी, २०१८ मध्ये, या एका चुकीनं पुष्कळ फोन विटेसारखे निकामी झाले. ही आडकाठी निव्वळ दुष्टपणा नाही. जुन्या सॉफ्टवेअरमध्ये सापडलेली भोकं नव्यात बुजवलेली असतात, चोरानं ती परत उघडू नयेत म्हणून ही आडकाठी आहे. म्हणून माझी मागणी जुन्याची नाही. माझी मागणी एवढीच की अपडेटचं बटण दाबण्याआधी मराठीत स्वच्छ लिहिलेलं असावं: यानंतर मागे फिरता येणार नाही. २०१८ च्या ऑक्टोबरात इटलीच्या स्पर्धा प्राधिकरणानं ॲपलला एक कोटी युरो आणि सॅमसंगला पन्नास लाख युरो दंड केला. नव्या मॉडेलसाठी बनवलेली अपडेट जुन्या फोनांवर घ्यायला लावली, त्यांनी फोन मंदावले, आणि पूर्वीची क्षमता परत मिळवायचा मार्ग गिऱ्हाइकाला दिला नाही, असा ठपका होता. तो मार्ग देणं ही कंपनीची जबाबदारी आहे, हे एका देशाच्या यंत्रणेनं लेखी म्हटलं.

मागणी फार मोठी नाही. प्रत्येक मॉडेलच्या चालू आवृत्तीची सही केलेली फाइल कंपनीनं स्वतःच्या नावानं उघड ठेवावी. ती लिहिण्याचं साधन द्यावं, आयएमईआयच्या कप्प्याला हात लागणार नाही असं बनवून द्यावं. नोंदणी केलेल्या स्वतंत्र कारागिराला वाजवी शुल्कात ऑथ द्यावा, त्याचं नाव, दुकान, प्रत्येक फोनचा आयएमईआय नोंदवून. चुकला तर त्याला धरा. आयटीआयमध्ये फिटरचा, वायरमनचा अभ्यासक्रम असतो तसा याचाही नीट शिकवा आणि परीक्षा घ्या. भुसावळ, फैजपूर, सावदा, रावेर, चोपडा इथल्या बाजारांत बसलेली ही पोरं शिकायला एका पायावर तयार आहेत.

वक्त्यांना माझं आमंत्रण आहे. एखाद्या संध्याकाळी दुकानात यावं. काउंटरच्या मागच्या वहीत प्रत्येक फोनचं मॉडेल, बिल्ड नंबर, आयएमईआय, डाटा राहिला की गेला, आणि गिऱ्हाइकाची सही आहे. डाव्या हाताच्या ड्रॉवरमध्ये एक फोन आहे, त्याला दोऱ्यानं चिठ्ठी बांधलेली आहे. तो रेल्वेत ट्रॅकवर काम करणाऱ्या एका माणसाच्या बायकोचा. त्यात तिच्या वारलेल्या आईचे आवाजाचे संदेश आहेत, म्हणून डाटा न पुसता तो उठवायचा आहे. चिप चांगली आहे, पुतण्यानं तपासलं. त्याच बिल्डची, कंपनीच्या सहीची फाइल तेवढी हवी आहे, आणि कंपनी ती कुणाला देत नाही. ती बाई दर रविवारी येऊन विचारून जाते.